पावणेसात तास

तिकिटावरच छापलं होतं : पावणेसात तास.
दोन मध्यंतरं. पैसे परत मिळणार नाहीत.
आम्ही डबे घेऊन गेलो, उकडलेली अंडी, खारवलेल्या काकड्या,
ऑरिकाने तर विणकाम आणलं होतं.
गलात्समध्ये एवढ्या वेळात
भट्टीवरची एक पाळी संपत यायची,
भट्टी होती तेव्हा.

सिनेमा आमच्याच गावात काढलेला,
नऊ वर्षांपूर्वी, नोव्हेंबरात.
पुढच्या काळातलं शहर हवं होतं त्यांना,
सगळं संपत आलेलं.
बुखारेस्टहून एकजण आला, दोन दिवस हिंडला,
म्हणाला, काही बांधायला नको.
कपडेपटाच्या बाईने आमचे कोट न्याहाळले
आणि पेट्या न उघडताच परत पाठवल्या.
दिवसाला ऐंशी लेई, वर गरम सूप.

गोष्ट अशी : सरकारने खिडक्या परत मागितल्यात.
का, ते सिनेमात कोणी विचारत नाही.
आम्हीही नव्हतं विचारलं.
प्रत्येकाने घरची काच उचकटायची, काखेत धरायची
आणि रांगेत उभं राहून जमा करायची.
पावती मिळते.
बस्स.

पहिल्या तासाला लोक हसले.
'तो बघ तुडोरेल, केस होते तेव्हाचा!'
दुसऱ्या तासाला पेंगले.
चौथ्यात मात्र अंधाराला काहीतरी व्हायला लागलं.

लहान सिनेमात वाईट माणूस लवकर सापडतो,
त्याला टोपी असते, खर्जातला आवाज असतो.
इथे वाट बघून डोळे दुखले
तरी तो येईचना.
मग नजर रिकामी फिरत राहते रांगेवरून,
एकेका चेहऱ्यावरून,
आणि दमून
स्वतःवर येऊन टेकते.

मी उभी आहे. करडा स्कार्फ.
माझ्यापुढे नेकुलाय, वजनकाट्यावरचा,
एकवीस वर्षं शेजारच्या टेबलाचा.

तो पडतो.

हे कुठे लिहिलेलं नव्हतं.
कॅमेरा लांब, पाण्याच्या टाकीवर,
'चालू ठेवा' म्हणणारंही जवळ कोणी नव्हतं.
काच फुटल्याचा आवाज जरा उशिरा पोचतो.
आणि रांग
सरकते.
एक पाऊल. त्याच्या जागेएवढं.
मी पण, काच सांभाळत, पाय उंच उचलून,
डबकं ओलांडावं तशी.

नऊ वर्षं सांगत आले,
आम्हाला वाटलं, अभिनय करतोय.
वाटलंही असेल.
पण तो प्रसंग अकरा मिनिटं चालतो.
एकच गोष्ट अकरा मिनिटं कशी वाटत राहील?
शेवटी शेवटी पडद्यावरची मी मागे वळते.
वाटलं, आता वाकेल ही.
ती फक्त बघते
तिच्या मागची जागा कोणी भरली का,
आणि स्कार्फ नीट करते.

संध्याकाळी दवाखान्यात नेलं त्याला.
शुक्रवारपर्यंत होता.

दिवे लागले. एका तरुणाने माईक फिरवला :
'समाजाबद्दल हा चित्रपट काय सांगतो, कोणी बोलेल?'
ऑरिका म्हणाली, लांब आहे फार.
कोणीतरी म्हणालं, खुर्च्या बदला.
दोन रांगा पुढे अग्लाया बसली होती, नेकुलायची.
माईक नको म्हणाली, तरी ऐकू आलं :
'बूट त्याचेच होते.
टाचा मीच लावून आणल्या होत्या, त्याच आठवड्यात.'

मग कोट घ्यायला रांग.
अग्लाया माझ्यापुढे,
आणि आमच्या मध्ये मी
एका माणसाची जागा सोडून उभी.
मुद्दाम की कशी, माहीत नाही.
ती सरकली की मी सरकायची,
जागा तेवढीच ठेवून,
काखेतली काच सांभाळावी तशी.

मागून आवाज आला, 'बाई, व्हा ना पुढे!'
मी नाही झाले.
मग बाजूने तुडोरेल आला, टक्कल पुसत.
'शेवटची बस आहे,' म्हणाला,
'इथे कोणी नाही ना?'
आणि उभा राहिला.